नऊ परदेशी पाहुण्यांचे पास

जानेवारीतला तिसरा शनिवार, सकाळचे साडेनऊ. स्थळ: कंपनीच्या मागचं पार्किंग. गाड्या काढून तिथे मंडप घातला होता. निमित्त: फॅमिली डे.

हजर: आमचे कोरियन डायरेक्टर, त्यांचा दुभाषा, एचआरचे साहेब, सिक्युरिटीचे सुपरवायझर, कॅन्टीनचे मालक, नाचणाऱ्या सहा मुली, त्यांतल्या एकीची आई, मी, आणि मंडप भरून कामगारांची कुटुंबं.

गैरहजर: एका जगप्रसिद्ध कोरियन ग्रुपच्या नऊ गायिका.

त्या नऊ जणींसाठी गेटपास छापून तयार होते. बिनतिखटाच्या नऊ ताटांची ऑर्डर गेली होती. विमानतळावर पाठवायला टेम्पो ट्रॅव्हलर सांगून ठेवली होती. त्यांना कुणी बोलावलं नव्हतं. चाकण नावाचं गाव पृथ्वीवर आहे हेही त्यांना माहीत नसणार. पण त्या यादीत होत्या, आणि यादी मी केली होती.

मी ॲडमिनला आहे, एकोणीस वर्षं. बसचे रूट, लॉकरच्या किल्ल्या, युनिफॉर्मची मापं, दिवाळीचे मिठाईचे डबे, सगळ्याच्या याद्या माझ्याकडे. यादीत एखादा रकाना रिकामा दिसला की मला चैन पडत नाही. लोकांना देवळात घंटा वाजवल्याशिवाय बरं वाटत नाही, तसं.

आता या याद्यांमध्ये ‘राष्ट्रीयत्व’ हा रकाना कुठून आला, ते सांगते. काही वर्षांपूर्वी कोरियाच्या हेड ऑफिसमधून एक ऑडिटर न कळवता आले. गेटवरच्या यादीत नाव नाही, म्हणून त्यांना भर मे महिन्यात अर्धा तास उन्हात उभं केलं. त्यानंतर मीटिंग झाली. कुठल्याही यादीत परदेशी माणूस चटकन दिसला पाहिजे, असं ठरलं, आणि तो रकाना सगळ्या फॉर्मॅटमध्ये टाकण्याचं काम माझ्याकडे आलं. मी सगळ्या म्हणजे सगळ्या फॉर्मॅटमध्ये टाकला. तेव्हापासून आमच्याकडे मिठाईच्या डब्याच्या यादीतही प्रत्येक कामगारापुढे ‘भारतीय’ असं लिहिलेलं असतं. ते वाचून कोणाचा ऊर भरून आल्याचं मी तरी पाहिलेलं नाही.

फॅमिली डेच्या कार्यक्रमाची यादी मी जानेवारीच्या सुरुवातीला काढली. डिस्पॅचला पॅकिंग करणारी एक बाई दुपारी तिची शिफ्ट सुरू व्हायच्या आधी माझ्या टेबलापाशी आली. लातूरकडची, चाकणजवळ निघोज्यात भाड्याच्या खोलीत राहते. तिने वहीचं पान पुढे केलं.

“मॅडम, लेकीचं नाव घ्या की. सहा पोरी नाचायल्यात. एकाच गल्लीतल्या हायत. माझी मधी असती.”

“तू पाहिलास का नाच?”

“कवा बघू? मी सेकंड शिफ्टला, त्या गच्चीवर नाचतेत संध्याकाळी. चार महिने झाले. म्हणून तर म्हनलं, त्या दिवशी कंपनीतच बघीन.”

पानावर सुबक अक्षरात लिहिलं होतं: ‘ग्रुप डान्स’, आणि खाली त्या कोरियन ग्रुपचं नाव. ते नाव मी इथे लिहीत नाही. लिहिलं तर कुणीतरी दुरुस्ती पाठवेल. त्यात काही इंग्रजी अक्षरं आहेत, एक आकडा आहे आणि मध्ये एक टिंब आहे, एवढं सांगते. मी ते ‘गटाचे नाव’ या रकान्यात उतरवलं. पुढे दोन रकाने रिकामे राहिले: संख्या आणि राष्ट्रीयत्व.

इथे शहाण्या माणसाने ‘सहा’ आणि ‘भारतीय’ लिहून विषय संपवला असता. मी गटाच्या नावाच्या ओळीत होते, म्हणून मला गटाची माहिती हवी झाली. माझी मुलगी ताथवड्याला इंजिनिअरिंगला आहे. तिच्या खोलीच्या भिंतीवर त्याच नऊ जणी लावलेल्या आहेत. देवाचं कॅलेंडर त्यांनी कपाटाच्या आड ढकललंय. तिला फोन केला.

“या ग्रुपमध्ये किती जणी गं?”

“नऊ. का?”

“आणि सगळ्या कोरियन ना?”

तिने मागे चाललेलं गाणं बंद केलं.

“आई, ते एका शब्दात नाही लिहिता येत.”

“रकाना एका शब्दाचाच आहे.”

“मग रकाना चुकीचा आहे.”

मी ‘९’ आणि ‘कोरियन’ लिहून यादी पाठवून दिली. संध्याकाळी घरी गेले तर चहाऐवजी भाषण तयार होतं. त्यांच्यातल्या दोघी जपानी आहेत. एक थाई आहे. एक कोरियन आई-बापांची, पण अमेरिकेत जन्मलेली. ग्रुप कोरियन आहे पण सगळ्या कोरियन नाहीत, आणि हे ज्यांना कळत नाही असे लोक इंटरनेटवर रोज शिव्या खातात. शिवाय मी ग्रुपचं नाव पहिलं अक्षर मोठं आणि बाकी लहान असं लिहिलं होतं. ते सगळंच मोठ्या अक्षरांत लिहायचं असतं. टिंबाच्या आधी जागा सोडायची नसते.

“तुमच्या ऑफिसात कोणी काही बोललं नाही?”

“आमच्या डायरेक्टरांचं आडनाव आमच्याच कागदांवर चार तऱ्हांनी लिहिलंय. व्हिजिटिंग कार्डावर एक, गाडीच्या पासवर दुसरं. कोणी काही बोलत नाही.”

“ते सिरियस आहे, आई.”

“कुठलं? डायरेक्टरांचं?”

“ग्रुपचं!”

चूक दाखवली की मी दुरुस्त करते. ही माझी जुनी खोड. फॅमिली डेच्या चार दिवस आधी, मंगळवारी संध्याकाळी सुधारित यादी पाठवली. विषय: ‘दुरुस्ती, कृपया आधीची यादी ग्राह्य धरू नये’. त्या ओळीत आता लिहिलं होतं: एकूण नऊ; कोरियन पाच, जपानी दोन, थाई एक, कोरियन-अमेरिकन एक. नाव सगळं मोठ्या अक्षरांत, टिंबासकट. प्रत: सिक्युरिटी, कॅन्टीन, ट्रान्स्पोर्ट, एचआर. प्रत्येक यादी या चौघांना जातेच.

आणि मी दोन दिवस रजेवर गेले. दापोडीला भाचीचं लग्न होतं. तिथेही आहेराची यादी माझ्याच हातात, फोन पर्समध्ये.

पहिली यादी कोणी उघडलीही नसावी. ‘कोरियन नऊ’ हे आमच्याकडे मोघम वाटतं, कोणीतरी चुकून टाकलं असेल असं. पण थाई एक, कोरियन-अमेरिकन एक? इतका बारकावा असलेली यादी खोटी असूच शकत नाही. मोघम यादीला आमच्याकडे लोक हसतात. दुरुस्त केलेल्या यादीवर लगेच कार्यवाही सुरू होते.

शुक्रवारी सकाळी कामावर आले तर गेटवरच सुपरवायझर उभे. हे आमचे माजी फौजी, मावळातले. प्रेस केलेला शर्ट आणि छातीशी रजिस्टर.

“मॅडम, नऊ पास रेडी हायत. डायरेक्टरसाहेबांची सही बी झाली. फकस्त पासपोर्टच्या झेरॉक्स न्हाई आल्या.”

“कुणाच्या?”

“पावन्यांच्या.”

मला काही कळेना. ऑफिसात शिरते तोवर कॅन्टीनचे मालक आडवे आले. “मॅडम, आठ जणींचं बघतो मी, आपल्या डायरेक्टरांना देतो तेच. पण थाई मॅडमना कांदा चालतो का? की उपासबिपास असतो त्यांच्यात?”

तेव्हा मला मंगळवारची यादी आठवली.

एचआरचे साहेब केबिनमध्ये फोनवर होते. निघोज्यातल्या फ्लेक्सवाल्याशी बोलणं चाललं होतं. “अरे भावा, टिंब लागतंच. आमच्या ॲडमिनच्या मॅडमनी खास दुरुस्ती काढलीये… नाही, मराठीत पण पाहिजे… मराठीत कसं लिहायचं म्हणजे? उच्चारतात तसं… कसं उच्चारतात मला काय माहीत!” दोन दिवस हाच घोळ चालू होता म्हणे. मॅनेजर लोकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर नाव मराठीत कसं लिहायचं यावर मतदान घेतलं होतं. चार पर्याय होते. कामगारांना बूट कुठल्या कंपनीचे द्यायचे, यावर त्या ग्रुपने कधी मत दिलेलं नाही.

फोन ठेवून साहेब उठून उभे राहिले. एकोणीस वर्षांत पहिल्यांदा.

“मॅडम, मानलं राव तुम्हाला! एवढा मोठा ग्रुप, आणि आम्हाला पत्ता नाही. डायरेक्टरसाहेबांना मी कालच सांगितलं.”

“काय म्हणाले ते?”

“दुभाष्याकडून तीनदा विचारून घेतलं, हाच ग्रुप का म्हणून. मग पासांवर सह्या केल्या.”

मी त्यांना बसायला सांगितलं आणि सगळं क्रमाने सांगितलं. वहीचं पान, माझा फोन, माझी मुलगी, रकाना. साहेबांचा चेहरा हळूहळू उतरत गेला.

“म्हणजे कोणीच येणार नाही?”

“सहा मुली येणार आहेत. निघोज्याच्या.”

“त्या तर येणारच होत्या हो,” साहेब म्हणाले.

ट्रॅव्हलर रद्द झाली, ताटं रद्द झाली. फ्लेक्स मात्र तोवर छापून झाला होता. मग साहेबांचा हात, रिकामा राहिला म्हणूनच की काय, नाचाच्या ओळीवर आला. या सहा मुली कोणाच्या? आई-बापांचे कामगार-टोकन नंबर काढा. पाच जणींचे वडील आमचे कायम कामगार निघाले. सहाव्या मुलीची आई, ती डिस्पॅचची बाई, कंत्राटदाराकडून आलेली.

“मग ती नियमात नाही बसत.”

“साहेब, तीच मधे आहे. बसवलाय तिनेच नाच.”

“असेल. सर्क्युलर काय म्हणतं? ‘कायम कामगार व त्यांचे कुटुंबीय’. रूल तुम्हीच टाइप केलाय, मॅडम.”

खरं होतं. खाली कोपऱ्यात माझी आद्याक्षरं होती. दरवर्षी जुनी फाइल उघडायची, तारीख बदलायची, प्रिंट. तो ‘कायम’ मी दर जानेवारीत छापत आले होते आणि कधी वाचला नव्हता. बाई आमच्याकडे नऊ वर्षं पॅकिंग करते. तिच्या कार्डावर तिचं नाव चुकीचं आहे. मधलं एक अक्षर कंत्राटदाराने पहिल्या दिवशीच खाल्लं. तिने दोनदा सांगितलं होतं. मी म्हणाले होते, कंत्राटदाराला सांग. तिच्या नावाची दुरुस्ती चार विभागांना प्रत लावून कोणी पाठवली नाही.

दुपारी शिफ्ट बदलताना ती मेन गेटबाहेर भेटली. सोबत मुलगी होती, बारावीतली, सडपातळ, केसांना एका बाजूला निळा रंग लावलेला. उद्या किती वाजता यायचं विचारायला आल्या होत्या. मी सर्क्युलरचा नियम सांगितला.

आईने डब्याची पिशवी दुसऱ्या हातात घेतली. “नियम हाय तर हाय, मॅडम. पर तिला मी कसं सांगू? तुमीच सांगा.”

मुलगी शेजारीच उभी होती. तिने सगळं ऐकलं होतं.

“मॅडम, एक विचारू? त्या नऊ जणी खरंच आल्या असत्या, तर त्यांच्याकडे टोकन मागितलं असतं का?”

“त्या पाहुण्या.”

“त्यातली एक थायलंडची आहे. तरी तिला सगळे कोरियन ग्रुपचीच म्हणतात, कारण ती तिथे नाचते.” ती न थांबता बोलत होती. तिने हे आधीच पाठ केलं असावं, दुसऱ्या कुणासाठी तरी. “मला निघोज्यात लातूरवाली म्हणतात. गावाकडं गेले की चाकणवाली. आणि इथं तुम्ही म्हणता, कंत्राटी. माझं काय लिहिता तुम्ही त्या रकान्यात?”

“ए, गप की,” आई म्हणाली. “मॅडमला उलटं बोलायलीस.”

बाकीच्या पाच जणींनी मेसेज टाकला होता: ती नाही तर आम्हीही नाही. तो तिने मला दाखवला नाही, आईने दाखवला. आणि मग स्वतःच म्हणाली, “सहाबी जणींना नाचू द्या. मी न्हाई बघितलं तर न्हाई. लेक घरी मोबाइलवर दावंल.”

सुपरवायझर गेटच्या केबिनमध्ये टेबलामागे बसून रजिस्टरवर रेघा मारत होते. त्या दोघी बाजूला झाल्यावर त्यांनी मला बोलावलं. ड्रॉवर उघडला. आत नऊ पास, निळ्या दोरीचे, परदेशी पाहुण्यांचे. प्रत्येकावर राष्ट्रीयत्व छापलेलं, नावाची जागा कोरी, खाली डायरेक्टरांची सही.

“हे कॅन्सल करायचं म्हंजी मॅडम, एकेकावर कारण लिवायचं, पुन्हा सायबाकडं सहीला धाडायचं. काय कारण लिवू? पावनं नव्हतंच?”

“मग?”

“मग काय न्हाई. माझ्या गेटवर पास बघत्यात. मानूस कोन बघतो?”

मी दोन पास घेतले. सात त्यांनी परत ठेवले. मी हे दयेपोटी केलं असं सांगायला आवडलं असतं. पण निम्मं कारण असं होतं की मला साहेबांसमोर पुन्हा उभं राहायचं नव्हतं, आणि कार्यक्रमाच्या छापील पत्रिकेत पाचव्या क्रमांकावर, नाचाच्या जागी, भोक पडलेलं मला बघवलं नसतं.

शनिवारी त्या दोघी मेन गेटने आल्या. कंत्राटी लोकांचं गेट मागच्या बाजूला आहे, सुट्टीच्या दिवशी बंद असतं. मेन गेटमधून बाई नऊ वर्षांत पहिल्यांदा आत आली. तिच्या गळ्यात थायलंड, मुलीच्या गळ्यात कोरियन-अमेरिकन. सुपरवायझरनी दोघींना कडक सॅल्यूट ठोकला आणि आत आल्याची वेळ लिहिली: नऊ वाजून दहा.

स्टेजवर फ्लेक्स होता. साहेबांनी ‘हार्दिक स्वागत’वर रंगीत कागद चिकटवून ‘यांच्या गाण्यावर नृत्य’ असं लिहवून घेतलं होतं. कागद थोडा अपुरा पडला, त्यामुळे ‘हार्दिक’मधला ‘हा’ तसाच राहिला. नावातलं टिंब फ्लेक्सवाल्याने शेवटी दिलंच नव्हतं.

नाच चार मिनिटांचा. मला त्यातलं काही कळत नाही. मी माणसं मोजते. सहा मुली होत्या, एका वेळी वळत होत्या, एका वेळी थांबत होत्या. असेंब्ली लाइनवर असा मेळ बसवायला आम्ही जपानहून तज्ज्ञ बोलावतो. मधली मुलगी निळे केस उडवत पुढे आली तेव्हा मी तिच्या आईकडे पाहिलं. ती टाळ्या वाजवत नव्हती. दोन्ही हातांनी गळ्यातला पास घट्ट धरून उभी होती, कोणी काढून घेईल म्हणून.

नाच संपल्यावर डायरेक्टर खुर्चीवरून उठले आणि मुलींपाशी गेले. साहेब मागोमाग. डायरेक्टरांनी मधल्या मुलीच्या गळ्यातला पास वाचला. नीट, चष्मा वर करून. स्वतःची सही पाहिली. दुभाष्याला काही म्हणाले.

“सर विचारतात, कुठून आलीस?”

“निघोजे.”

“किती लांब?”

“चालत वीस मिनिटं.”

मग त्यांनी आईचा पास पाहिला. “थायलंड?” हे त्यांनी स्वतःच विचारलं.

“जी साहेब,” बाई म्हणाली.

डायरेक्टर त्यांच्या पद्धतीने कमरेत वाकले. बाईने नमस्कार केला, त्यांच्याहून खाली वाकून. ते आणखी वाकले. एचआरचे साहेब मधे कुठे वाकावं ते न समजून बाजूला हात जोडून उभे. त्यांनी नंतर मला एकच विचारलं, “मॅडम, या दोघी पत्रिकेत कुठल्या नावाने आहेत?” मी म्हणाले, “गटाच्या नावाने.” त्यावर त्यांनी पत्रिका घडी घालून खिशात ठेवली. डायरेक्टर काही बोलले असते तर तेही बोलले असते.

संध्याकाळी घरी माझ्या मुलीला फोटो आणि व्हिडिओ दाखवले. तिने पाहिले, मोठे करून पाहिले.

“टिंब नाहीये.”

“नाच बघ.”

तिने पाहिला. मग म्हणाली, “मधली भारी आहे. कुठली आहे?” आणि माझ्याकडे बघून लगेच, “नको, राहू दे.”

आता राहिलेली कामं.

सात पास रद्द केले. कारणाच्या जागी सुपरवायझरनी ‘पावसामुळे’ लिहिलं. जानेवारीत. सही होऊन आली. बाईच्या कार्डावरचं नाव दुरुस्त झालं. त्यासाठी मी चार विभागांना प्रत लावली आणि विषयात ‘अत्यंत तातडीचे’ लिहिलं. कंत्राटदाराने तीन दिवसांत नवीन कार्ड दिलं. नऊ वर्षं अडलेलं काम तीन दिवसांचं होतं.

त्या दोघींचे पास मात्र अजून बंद झालेले नाहीत. त्या मंडपातून मेन गेटने गर्दीबरोबर निघून गेल्या. पास त्यांनी परत केले नाहीत आणि मी मागितले नाहीत. परदेशी पाहुण्याचा पास कॉम्प्युटरमध्ये बंद करायचा तर पासपोर्ट नंबर लागतो. दर महिन्याच्या एक तारखेला मला मेल येतो: एक थाई आणि एक कोरियन-अमेरिकन नागरिक अद्याप आवारात आहेत, कृपया खात्री करावी. थाई नागरिक रोज डिस्पॅचला पॅकिंग करते, मी खात्री केलेली आहे.

पण ते काम किरकोळ आहे. खरं राहिलेलं काम सर्क्युलरचं आहे. पुढच्या जानेवारीचा मसुदा साहेबांकडे न्यायचा आहे, आणि त्याआधी पहिल्या ओळीतून एक शब्द काढायचा आहे. फाइल उघडते, कर्सर त्या शब्दावर नेते. तेवढ्यात कोणीतरी बसच्या रूटचं विचारायला येतं. आजही आलं होतं. ‘कायम’ अजून तिथेच आहे.